लखनौचा प्रवचनकार : स्टॅन्ली जोन्स आणि त्यांचे प्रश्नोत्तरांचे व्यासपीठ

लखनौ शहरात गोमती ओलांडून निशातगंजकडे येताना फैजाबाद रस्त्यावर चांदबाग लागते. इझाबेला थॉबर्न महाविद्यालयाचे हे आवार. १८७० मध्ये अमीनाबादच्या बाजारात मूठभर मुलींना घेऊन सुरू झालेली ही शाळा पुढे लालबागेत गेली, १८८६ मध्ये तेथे महाविद्यालयीन वर्ग निघाले आणि १९२३ मध्ये महाविद्यालय निशातगंजलगतच्या या जागेत आले. मेथॉडिस्ट मिशनच्या या संस्थेत लालबागेच्या काळात मेबल लॉसिंग नावाच्या एक अमेरिकी शिक्षिका होत्या. जवळच्याच इंग्रजी भाषक मंडळीत एक तरुण पाळक प्रवचने करीत असे. १९११ मध्ये या दोघांचा विवाह झाला. तो तरुण म्हणजे इली स्टॅन्ली जोन्स. विसाव्या शतकात जगभर ऐकल्या गेलेल्या ख्रिस्ती प्रवचनकारांत त्यांची गणना होते. त्यांनी आयुष्यभरात साठ हजार प्रवचने दिली, असा अंदाज सांगितला जातो. तो आकडा बाजूला ठेवला तरी प्रवचन या प्रकारात त्यांनी भारतात काय बदल केला, हे समजून घेण्याजोगे आहे.

ख्रिस्ती प्रवचनाची परंपरा दोन हजार वर्षांची आहे. चौथ्या शतकात अंत्युखिया आणि कॉन्स्टँटिनोपल येथे योहान क्रिसोस्तोम यांनी शास्त्रातील उताऱ्यांवर ओळीने भाष्य करणारी प्रवचने केली. त्यांच्या वाणीमुळे त्यांना सुवर्णमुखी हे नाव पडले. उपदेशकाने कसे बोलावे याचे शास्त्र ऑगस्टीन यांनी पाचव्या शतकात मांडले. मात्र या परंपरेतील बहुतेक प्रवचने आपल्याच माणसांसाठी होती. श्रोता श्रद्धावान आहे, तो प्रार्थनेला आला आहे आणि तो उलट प्रश्न विचारणार नाही, हे त्यात गृहीत होते. या चौकटीबाहेरचा जुना दाखला प्रेषितांची कृत्ये या ग्रंथात आहे. अथेन्स नगरीत अरीयपगावर पौल परक्या तत्त्वज्ञांपुढे बोलतो. काही जण थट्टा करतात, काही पुन्हा ऐकू म्हणतात आणि थोडे जण त्याच्यासोबत जातात. भारतात आलेल्या प्रत्येक मिशनऱ्यापुढे खरे तर अथेन्सचाच प्रसंग उभा होता.

मराठी प्रदेशात या प्रसंगाला निरनिराळी उत्तरे मिळाली. गोव्यात फादर थॉमस स्टीफन्स यांनी ओवी स्वीकारली. १६१६ मध्ये रायतूर येथे प्रथम छापलेले त्यांचे ख्रिस्तपुराण सुमारे अकरा हजार ओव्यांचे असून ते चर्चमधून वाचले जात असे. एकोणिसाव्या शतकात मुंबईत डॉ. जॉन विल्सन यांच्या काळात जाहीर वादसभांचा मार्ग पुढे आला. त्याला मोरभट दांडेकरांनी आणि पुढे १८५७ मध्ये मुंबईच्या समुद्रकिनाऱ्यावर विष्णुबुवा ब्रह्मचाऱ्यांनी तितक्याच जोमाने उत्तर दिले. अहमदनगर (आताचे अहिल्यानगर) परिसरात कृष्णराव सांगळे आणि नंतर रेव्हरंड नारायण वामन टिळक यांनी कीर्तनाचा अवलंब केला. वादसभांतून विद्वत्तेचे दर्शन घडले, पण मने फारशी जवळ आली नाहीत. दोन्ही पक्ष जिंकल्याच्या समाधानात घरी परतत. जोन्स भारतात आले तेव्हा उत्तर हिंदुस्थानातील बाजारपेठांत उभे राहून उपदेश करण्याची आणि खंडनमंडनाची ही रीत चांगलीच रुळलेली होती.

जोन्स यांचा जन्म ३ जानेवारी १८८४ रोजी अमेरिकेतील मेरीलँड राज्यात झाला. केंटकीतील अ‍ॅस्बरी महाविद्यालयात शिक्षण पूर्ण करून ते १९०७ मध्ये, वयाच्या तेविसाव्या वर्षी, भारतात आले.

त्यांच्या पहिल्या प्रवचनाची हकीकत त्यांनीच नोंदवून ठेवली आहे. देवाचा वकील व्हायचे, त्याची बाजू बिनतोड मांडायची, अशा निश्चयाने त्यांनी भाषण घोकून तयार केले होते. समोर आप्तस्वकीय होते. पाचसहा वाक्ये झाली नाहीत तोच त्यांच्या तोंडून एक जडजंबाल, फारसा न ऐकलेला शब्द गेला. श्रोत्यांतील एक महाविद्यालयीन तरुणी मान खाली घालून हसली. त्या हसण्याने ते इतके गोंधळले की पुढचे सारे भाषण स्मरणातून पुसले गेले. काही क्षण तसेच उभे राहून ते लज्जित होऊन खाली बसायला निघाले. तेवढ्यात मनात आले की युक्तिवाद विसरलो असलो तरी आपल्या आयुष्यात काय घडले ते तर सांगता येईल. ते त्यांनी साध्या शब्दांत सांगितले. वकील म्हणून आपण पुरते अपयशी ठरलो, आपले काम साक्षीदाराचे आहे, हा धडा त्यांनी त्या दिवशी घेतला. प्रवचनकलेवरील पुष्कळ ग्रंथांतून जे हाती लागत नाही ते एका फजितीने त्यांना दिले. पुढे परिपक्व वयातही आपल्या पद्धतीचे मूळ सांगताना ते याच प्रसंगाकडे वळत.

लखनौच्या लालबागेतील इंग्रजी मंडळीत काही वर्षे काढल्यावर त्यांच्याकडे सीतापूर आणि आसपासच्या विस्तृत भागाचे काम आले. खेडोपाडी, मुख्यतः अस्पृश्य मानल्या गेलेल्या वस्त्यांतील मंडळ्यांची देखरेख त्यांना करावी लागे. संध्याकाळी ते शहरातील भारतीय क्लबात टेनिस खेळायला जात. तेथे वकील, न्यायाधीश आणि सरकारी अधिकारी भेटत. एके दिवशी एका हिंदू अधिकाऱ्याने त्यांना विचारले की तुम्ही लोक इतकी वर्षे येथे आहात, मग केवळ खालच्या मानलेल्या जातींकडेच का जाता, आमच्याकडे का येत नाही. तुम्हाला आम्ही नको आहोत असे वाटले, असे जोन्स यांनी सांगितले. त्यावर, योग्य रीतीने आलात तर आम्हाला तुम्ही हवे आहात, असे उत्तर मिळाले. त्यांची पुढील पन्नास वर्षे ही योग्य रीत शोधण्यात गेली.

शोधाची सुरुवात मात्र आजारपणाने झाली. सुशिक्षितांपुढे जाण्यास आपण अपुरे आहोत हा ताण आणि कामाचा बोजा यांनी त्यांची प्रकृती ढासळली. सुमारे साडेआठ वर्षांच्या सेवेनंतर ते रजेवर अमेरिकेला गेले. परतल्यावरही मज्जासंस्थेचा त्रास पुन्हा पुन्हा उलटला आणि विश्रांतीसाठी त्यांना डोंगराळ भागात जावे लागले. आता मिशनचे काम सोडून शेती करावी, असा विचारही मनात येऊन गेला. अशा अवस्थेत लखनौ येथे प्रार्थना करीत असताना आपला भार उतरला आणि आपण बरे झालो, असा अनुभव आल्याचे त्यांनी लिहिले आहे. तो अनुभव कसा समजावा हे ज्याने त्याने ठरवावे. एवढे खरे की त्यानंतर कित्येक दशके त्यांनी अखंड प्रवास केला.

१९१७ नंतरच्या या कामाचे काही नियम त्यांनी अनुभवातून ठरवले. सभा चर्चमध्ये न घेता सार्वजनिक सभागृहात घ्यायची. अध्यक्षस्थानी शहरातील एखादा प्रतिष्ठित बिगरख्रिस्ती गृहस्थ असावा. विषय ख्रिस्त आहे हे आधीच स्पष्ट जाहीर करावे, समाजसुधारणेच्या नावाखाली श्रोत्यांना बोलावून आयत्या वेळी धर्म काढू नये. कोणत्याही धर्मावर टीका करायची नाही. भाषण संपल्यावर श्रोत्यांना हवे ते प्रश्न विचारू द्यायचे. त्यांचा आणखी एक आग्रह होता आणि तो त्या काळी धाडसाचा होता. पाश्चात्त्य संस्कृती म्हणजे ख्रिस्ती धर्म नव्हे, असे ते भर सभेत सांगत. जुना करार, चर्चच्या संस्था, युरोपीय संस्कृती या साऱ्यांच्या बचावासाठी लढायचे त्यांनी सोडून दिले. बोलायचे ते येशूविषयी, आणि ते युक्तिवादापेक्षा अनुभवाच्या आधारे.

हे नियम वाचायला सोपे वाटतात. त्यांतील जोखीम समजण्यासाठी तो काळ डोळ्यांपुढे आणला पाहिजे. १९१९ मध्ये जालियनवाला बाग घडली आणि पाठोपाठ असहकाराचे आंदोलन आले. गोऱ्या माणसाने धर्माविषयी बोलणे म्हणजे राज्यकर्त्याने बोलणे, असे श्रोत्यांना वाटणे स्वाभाविक होते. अशा श्रोत्यांपुढे तासभर भाषण करून नंतर स्वतःला उलटतपासणीसाठी मोकळे ठेवायचे. प्रश्न मवाळ नसत. ख्रिस्ती राष्ट्रांनी महायुद्ध का केले, अमेरिकेत कृष्णवर्णीयांना झाडाला टांगून का मारतात, एकच मार्ग खरा कशावरून, अशा प्रश्नांना व्यासपीठावरून तोंड द्यावे लागे. चर्चच्या वेदीवर उभ्या असलेल्या उपदेशकाला असे संरक्षण असते की त्याला कोणी मध्येच अडवत नाही. जोन्स यांनी ते संरक्षण आपणहून टाकून दिले. प्रवचनाच्या इतिहासात त्यांचे वेगळेपण येथे आहे, असे म्हणावे लागेल. त्यांच्या वक्तृत्वात क्रिसोस्तोमची झळाळी नव्हती. वाक्ये आटोपशीर असत, उदाहरणे प्रवासातली आणि घरगुती असत. त्यांचे खरे प्रवचन प्रश्नोत्तरांच्या तासात घडत असावे.

महात्मा गांधींशी त्यांची पहिली भेट दिल्लीत सेंट स्टीफन्स महाविद्यालयात, प्राचार्य सुशीलकुमार रुद्र यांच्याकडे झाली. ख्रिस्ती धर्म या देशात परका न राहता रुजावा यासाठी काय करावे, असे जोन्स यांनी विचारले. ख्रिस्ती लोकांनी येशूसारखे जगावे, त्याची शिकवण पातळ न करता आचरावी, प्रेमाला अग्रस्थान द्यावे आणि इतर धर्मांचा सहानुभूतीने अभ्यास करावा, असा त्या उत्तराचा आशय होता. हा सल्ला जोन्स यांनी पुढे जगभर सांगितला. दोघांचे मतभेद मिटले नाहीत. धर्मांतराचा प्रश्न त्यांच्यात अखेरपर्यंत राहिला, पण मैत्रीही राहिली.

१९२५ मध्ये अमेरिकेत रजेवर असताना त्यांनी या अनुभवांवर द क्राइस्ट ऑफ द इंडियन रोड हे पुस्तक लिहिले. भारताच्या वाटेवरून चालणारा ख्रिस्त पाश्चात्त्य पेहरावात येण्याची गरज नाही, हा त्याचा गाभा. पुस्तकाच्या दहा लाखांहून अधिक प्रती खपल्या. जोन्स एकाएकी जगप्रसिद्ध झाले. १९२८ मध्ये अमेरिकेतील मेथॉडिस्ट परिषदेने त्यांना बिशप म्हणून निवडले, परंतु अभिषेक होण्यापूर्वीच त्यांनी ते पद नाकारले. प्रवचनकाराचे काम सोडून कारभार पाहणे त्यांना रुचणारे नव्हते.

त्याच वर्षी त्यांचे गोलमेज परिषदांविषयीचे पुस्तक निघाले. या धार्मिक गोलमेज बैठका लंडनच्या राजकीय परिषदांपूर्वीच्या आहेत. पंधराएक हिंदू, मुसलमान आणि अन्य धर्मीय विचारवंत आणि पाचसहा ख्रिस्ती असे लोक एकत्र बसत. ग्रंथात काय लिहिले आहे ते सांगायचे नाही, वाद घालायचा नाही, आपल्या श्रद्धेने आपल्याला रोजच्या जगण्यात काय दिले तेवढेच सांगायचे. येथे उपदेशक शेवटी श्रोता झाला. तरीही एक शंका राहते. यजमान जोन्स होते, बैठकीचे नियम त्यांचे होते आणि नंतरचा वृत्तांतही त्यांनीच लिहिला. त्यातून निघणारा निष्कर्ष ख्रिस्ताच्या बाजूने झुकलेला दिसतो, आणि इतर सहभागींनी तोच प्रसंग कसा सांगितला असता याचे कुतूहल वाचकाला वाटत राहते.

त्यांच्या कामाची आणखी एक मर्यादा अधिक गंभीर आहे. ही व्याख्याने मुख्यतः इंग्रजीत होती आणि ती शहरी सुशिक्षितांसाठी होती. सीतापूरच्या ज्या वस्त्यांत त्यांचा दिवस सुरू होत असे, त्या वस्त्यांतील माणसे या सभागृहांत नव्हती. त्यांचे सहाध्यायी आणि लालबागेच्या मंडळीतील त्यांचे उत्तराधिकारी जे. वॉस्कम पिकेट यांनी नेमका उलटा मार्ग धरला. दलित समूहांच्या सामुदायिक धर्मांतराचा पिकेट यांनी केलेला अभ्यास १९३३ मध्ये प्रसिद्ध झाला. पुढे ते मुंबईत बिशप होते आणि डॉ. बाबासाहेब आंबेडकरांशी त्यांचा परिचय होता. एकाच महाविद्यालयातून निघून एकाच चर्चमध्ये आलेल्या या दोन मित्रांनी भारताला दोन निरनिराळ्या दारांतून पाहिले. जोन्स यांच्या सभांना गर्दी होई, पण बाप्तिस्मा घेणारे थोडे असत. येशूचा आदर करून आपल्या समाजातच राहणारे पुष्कळ असत. त्यावरून काही मिशनऱ्यांनी त्यांना दोष दिला, तर हा धर्मांतराचाच अधिक सौम्य प्रकार आहे, असा संशय दुसऱ्या बाजूने घेतला गेला. दोन्ही आक्षेपांत तथ्य आहे. टिळकांच्या कीर्तनात मागच्या रांगेतील निरक्षर बाईलाही टाळ वाजवता येत असे. जोन्स यांच्या सभागृहात तशी सोय नव्हती.

बोलण्यापुरते राहू नये, हे त्यांनाही जाणवत होते. साबरमती आणि शांतिनिकेतन येथील वास्तव्याने आश्रमजीवनाची ओढ लागली होती. ख्रिस्ती आश्रमाची कल्पना तेव्हा नवी नव्हती. तमिळनाडूत तिरुपत्तूर येथे १९२१ मध्ये आणि त्यानंतरच्या वर्षी महाराष्ट्रात जॅक विन्स्लो यांचा ख्रिस्त सेवा संघ, हे प्रयोग सुरू झाले होते. हा संघ पुढे पुण्यात स्थिरावला आणि व्हेरिअर एल्विन भारतात प्रथम तेथेच आले. जोन्स यांनी १९३० मध्ये नैनितालजवळ सातताल येथे आश्रम काढला. भारतीय आणि पाश्चात्त्य माणसे तेथे एकत्र राहात, जमिनीवर बसून जेवत. आठवड्यातून एक दिवस सफाई कामगारासह सर्व नोकरांना सुट्टी असे आणि त्यांची कामे आश्रमवासी वाटून घेत. ज्या कामाला जातीची खूण चिकटली होती ते करण्याचा हा परिपाठ पुष्कळांना अवघड गेला. दहा वर्षांनंतर हाच प्रयोग त्यांनी अमेरिकेत नेला. ज्या देशात वर्णभेद कायद्याने चालत होता, तेथे या आश्रमांत काळे आणि गोरे एकत्र राहिले.

राजकारणापासून ते अलिप्त राहिले नाहीत. भारतीय स्वातंत्र्याला त्यांचा उघड पाठिंबा होता आणि दुसऱ्या महायुद्धाच्या काळात ब्रिटिश सरकारने त्यांना भारतात येऊ दिले नाही. १९४१ मध्ये अमेरिका आणि जपान यांच्यातील युद्ध टळावे म्हणून त्यांनी दोन्ही बाजूंशी बोलणी केली. ३ डिसेंबर रोजी ते राष्ट्राध्यक्ष रूझवेल्ट यांना भेटले. चार दिवसांनी पर्ल हार्बरवर बाँब पडले. या वर्षांत मेबल जोन्स सीतापूरला मुलांची शाळा चालवीत होत्या. मुलग्यांना शिकवण्यासाठी स्त्री शिक्षिका नेमण्याचा त्यांचा उपक्रम त्या भागात नवा होता आणि शिक्षणविषयक प्रश्नांवर गांधीजींशी त्यांचा पत्रव्यवहार होता. पती वर्षाचे बहुतेक महिने प्रवासात असताना घर, शाळा आणि कन्या युनिस यांचा भार या बाईंनी वाहिला. जोन्स यांच्या चरित्रांत त्यांच्या वाट्याला फार थोडी पाने येतात, हे खटकते.

गांधीजींच्या हत्येनंतर १९४८ मध्ये जोन्स यांनी त्यांच्यावर पुस्तक लिहिले. ते फारसे खपले नाही आणि हा प्रयत्न वाया गेला, असे लेखकाला वाटत होते. काही वर्षांनी मार्टिन ल्यूथर किंग यांनी भेटीत सांगितले की अहिंसक लढ्याची कल्पना मनात पक्की होण्यास त्या पुस्तकाची मदत झाली. हा प्रसंग जोन्स यांनी आपल्या १९६८ च्या आत्मचरित्रात नोंदवला आहे. १९५० मध्ये त्यांच्या पुढाकाराने लखनौच्या लालबागेत नूर मंझिल हे मानसोपचार केंद्र सुरू झाले. मनाच्या आजाराला भूतबाधा किंवा पापाचे फळ समजण्याच्या त्या दिवसांत एका धर्मोपदेशकाने वैद्यकीय उपचारांची बाजू घ्यावी, याला महत्त्व होते. स्वतःच्या तरुणपणीचे कोसळणे ते विसरले नसावेत.

डिसेंबर १९७१ मध्ये, वयाच्या अठ्ठ्याऐंशीव्या वर्षाच्या उंबरठ्यावर, अमेरिकेत त्यांना पक्षाघाताचा झटका आला. चालणे गेले, दृष्टी अधू झाली आणि ज्यावर सारे आयुष्य उभे होते ती वाचाही अडखळू लागली. जून १९७२ मध्ये जेरुसलेम येथे भरलेल्या ख्रिस्ती आश्रमांच्या जागतिक मेळाव्यात ते चाकांच्या खुर्चीत बसून बोलले. नंतर ते भारतात परतले. लिहिता येत नसल्याने त्यांनी ध्वनिमुद्रण यंत्रापुढे तुटक वाक्यांत शेवटचे पुस्तक सांगितले. २५ जानेवारी १९७३ रोजी बरेलीच्या क्लारा स्वेन रुग्णालयात त्यांचे निधन झाले. रक्षा बाल्टिमोरला नेण्यात आली. मेबल जोन्स त्यानंतर पाच वर्षे जगल्या. यंत्रापुढे सांगितलेले ते पुस्तक, द डिव्हाइन येस, १९७५ मध्ये प्रसिद्ध झाले.